आभार, त्या ११८७ साठी

दादा,

लॅमिंग्टन रोडवरच्या दुसऱ्या माळ्यावर, तुमच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या अरुंद गाळ्यात, जूनमध्ये कॉम्प्युटरचं एक काळं कॅबिनेट आलं होतं. रोज अशी कितीतरी उघडत असाल, त्यामुळे हे नेमकं लक्षात नसेल. खूण सांगतो. गेम चालता चालता चित्र गोठायचं, कधी दोन सेकंद, कधी जवळजवळ अर्धा मिनिट, आणि मग काही झालंच नाही असं पुढे चालू व्हायचं. तुमच्याकडे येण्याआधी ते कॅबिनेट तीन दुकानांत जाऊन आलं होतं. तुमच्याकडून परत आल्यावर ते कुठेच न्यावं लागलेलं नाही. त्या दिवशी काउंटरपाशी पाच-सहा माणसं खोळंबली होती, म्हणून नीट आभार मानता आले नाहीत. ते या पत्रातून मानतोय.

यात तपशीलही लिहितोय, कारण हा दोष पुष्कळांच्या मशीनमध्ये असतो आणि भलत्याच गोष्टीवर पैसे जातात.

पहिल्या दुकानात गेम लावून स्क्रीनच्या कोपऱ्यातला फ्रेमचा, म्हणजे सेकंदाला येणाऱ्या चित्रांचा, आकडा बघितला आणि सांगितलं, अठ्ठावन्न फ्रेम येतायत, मशीन ठणठणीत आहे. आकडा खरा होता. पण सेकंदाला ६० फ्रेमच्या हिशेबाने मिनिटाला ३६०० फ्रेम होतात. त्यात दोन सेकंद चित्र थांबलं तर १२० गेल्या, उरल्या ३४८०. सरासरी काढली की ५८ येतात. म्हणजे मिनिटातून एकदा खेळाचा पार विचका होतोय आणि सरासरी मात्र उत्तम दिसतेय. अशा तक्रारीत फ्रेम टाइमचा, म्हणजे एकेक फ्रेम यायला किती वेळ लागला त्याचा, आलेख बघावा लागतो. ६० फ्रेमला प्रत्येक फ्रेम १६.७ मिलिसेकंदांची, म्हणून रेघ जवळपास सपाट हवी. इथे सपाट रेघेतून मध्येच थेट दोन हजारांवर जाणारा सुळका निघत होता. तो आलेख लावायला दोन मिनिटं लागतात. ती दोन मिनिटं त्या दुकानात कुणी दिली नाहीत.

दुसऱ्या ठिकाणी कॅबिनेटचा बाजूचा पत्रासुद्धा न काढता निदान झालं: ग्राफिक कार्ड जुनं झालंय, नवीन घ्या. कार्ड कमी पडत असतं तर गेम सतत संथ चालला असता आणि सेटिंग उतरवल्यावर फरक पडला असता. इथे सगळं सर्वांत खाली आणलं, रिझोल्यूशन ७२० वर नेलं, तरी चित्र तसंच गोठत होतं. ही एक चाचणी केली असती तर कार्डावरचा संशय फिटला असता.

तिसऱ्याने फॉरमॅट मारला, म्हणजे विंडोज पुसून नव्याने टाकलं. त्यानंतर चार दिवस गेम खरोखर सुरळीत चालला आणि पाचव्या दिवशी पुन्हा अडकला. हे चार दिवस सगळ्यांत जास्त फसवे होते. त्यांचं कोडं तुम्हीच सोडवलंत, ते पुढे लिहितो.

तुम्ही मात्र कीबोर्डला हात लावण्याआधी एकच प्रश्न विचारलात: "चित्र थांबतं तेव्हा आवाज थांबतो का?"

त्या दिवसापर्यंत हे कुणी विचारलं नव्हतं. मग तुम्ही हेडफोन कानाला लावलेत, गेम सुरू करायला सांगितलंत आणि गाडी शहरातून भरधाव न्यायला लावलीत. चित्र गोठलं. मागचं संगीत चालूच होतं. माऊसचा बाण हलत होता, विंडोजचं घड्याळ पुढे सरकत होतं. त्या एका निरीक्षणात अर्धी यादी गळून पडली. आख्खं मशीन आवाजासकट अडखळत असेल तर शोध वेगळीकडे जातो: एखादा बिघडलेला ड्रायव्हर (मशीनचा एखादा भाग विंडोजशी जोडणारा प्रोग्रॅम), किंवा एएमडीच्या रायझन प्रोसेसरच्या मशीनवर फर्मवेअर टीपीएमचा, म्हणजे सुरक्षेच्या अंगभूत सोयीचा, दोष. तो दोष एएमडीने मार्च २०२२ मध्ये जाहीर केला होता आणि एजीसा १.२.०.७ हा एएमडीचा कोड असलेल्या बायोसने, म्हणजे मदरबोर्डच्या मूळ प्रोग्रॅमने, तो सुटतो. इथे तसं नव्हतं. प्रोसेसर जागा होता, ध्वनी जागा होता, आधी मेमरीत आलेलं संगीत वाजत होतं. फक्त गेम कशाची तरी वाट बघत थांबला होता.

शेडरची, म्हणजे गेममधला प्रकाश-रंग काढणाऱ्या छोट्या प्रोग्रॅमची, शंकाही तुम्ही तिथल्या तिथे निकालात काढलीत. शेडर तयार होताना बसणारा झटका बहुधा एखादा स्फोट, एखादा धूर पहिल्यांदा दिसला की बसतो. दुसऱ्यांदा तोच प्रसंग आला की बसत नाही, कारण तयार झालेला शेडर डिस्कवर साठवलेला असतो. ड्रायव्हर बदलल्यावर तो साठा नव्याने बनतो, म्हणून ड्रायव्हर टाकल्यावर पहिला अर्धा-एक तास गेम अडखळला तर घाबरायचं नसतं. इथे चित्र त्याच रस्त्यावर दुसऱ्या फेरीतही अडकलं, आणि तेही वेगळ्या वळणावर. तापमान बघितलंत, प्रोसेसर सत्तरीच्या आसपास, म्हणजे गरम होऊन वेग उतरवण्याचा प्रश्न नाही. रॅमच्या दोन्ही पट्ट्या प्रोसेसरपासून दुसऱ्या आणि चौथ्या खाचेत, जिथे हव्यात तिथे. रॅम तिच्या पूर्ण वेगाने चालवणारी एक्सएमपी सेटिंग चालू, त्यामुळे ३२०० ची रॅम २१३३ वर रेंगाळत नव्हती. यातलं काहीच तुम्ही बदललं नाहीत. बघितलंत आणि पुढे गेलात.

मग टास्क मॅनेजर उघडून डिस्कचं पान समोर ठेवलंत आणि पुन्हा चित्र गोठायची वाट बघितलीत. गोठलं तेव्हा विंडोज जिथे आहे ती थेट बोर्डावर बसणारी एनव्हीएमई डिस्क निवांत होती. गेम जिथे होता ती केबलने जोडलेली सॅटा एसएसडी शंभर टक्के व्यस्त, आणि वाचनाचा वेग शून्य. डिस्क राबतेय आणि हाती काहीच येत नाही. मोकळ्या नकाशाच्या गेममध्ये गाडी पळते तसा पुढचा रस्ता, इमारती, झाडं डिस्कवरून सतत येत राहतात. ती आली नाहीत की गेम उभा राहतो. विंडोज दुसऱ्या डिस्कवर असल्यामुळे बाकी सगळं सुरळीत, म्हणून तीन ठिकाणी कुणाला संशयही आला नाही.

इव्हेंट व्ह्यूअरमध्ये सिस्टिमच्या नोंदींत १२९ क्रमांकाचे इशारे ओळीने दिसले, स्टोरएएचसीआयच्या, म्हणजे सॅटा डिस्क चालवणाऱ्या ड्रायव्हरच्या, नावाने. डिस्ककडून वेळेत उत्तर आलं नाही म्हणून विंडोजने तिला रीसेट केलं, एवढा त्याचा अर्थ. प्रत्येक इशाऱ्याची वेळ आणि गेम गोठल्याची वेळ जुळत होती.

इथपर्यंत आलेला दुसरा कुणीही "एसएसडी गेली, नवीन घ्या" म्हणाला असता, आणि ते खोटं आहे हे सिद्ध करणं गिऱ्हाइकाच्या हातात नसतं. तुम्ही डिस्क तपासणारा क्रिस्टलडिस्कइन्फो हा प्रोग्रॅम उघडलात. डिस्कची तब्येत चांगली दाखवत होती. खराब सेक्टरांच्या खात्यात शून्य. सी७ च्या रकान्यात मात्र ४ए३, सोळाच्या पटीत मोजायच्या पद्धतीतला आकडा. आणि वर, ट्रान्स्फर मोडच्या ओळीत, सॅटा ६०० च्या जागी ३०० लिहिलेलं.

सी७ म्हणजे डिस्क आणि मदरबोर्ड यांच्यामधल्या वाटेवर झालेल्या चुकांची मोजणी. माहितीच्या प्रत्येक गठ्ठ्यासोबत एक तपासणीचा आकडा जातो. पलीकडे तो जुळला नाही की गठ्ठा पुन्हा मागवला जातो. त्यामुळे फाइल सहसा बिघडत नाही, फक्त वेळ जातो. चुका फार झाल्या की जोडणी आपला वेग अर्ध्यावर आणते, आणि त्यानेही भागलं नाही की पुरती तुटून नव्याने जुळते. दोन सेकंदांचे झटके आणि अर्ध्या मिनिटाचं गोठणं, दोन्ही एकाच आजाराची लक्षणं. सी७ वाढतोय आणि खराब सेक्टर शून्य आहेत, तर आधी संशय केबलचा, मग पोर्टचा, आणि शेवटी डिस्कचा.

केबल बाहेर काढून तुम्ही उजेडात धरलीत. एका टोकाची धातूची पकड तुटलेली, आणि कॅबिनेटच्या बाजूच्या पत्र्याने दाबून वायर कनेक्टरच्या तोंडाशीच काटकोनात मुडपलेली. तेव्हाच फॉरमॅटनंतरच्या त्या चार दिवसांचा उलगडा झाला. विंडोज टाकताना चुकून भलती डिस्क पुसली जाऊ नये म्हणून दुसऱ्या डिस्कची केबल काढून ठेवायची पद्धत आहे. ती काढली, परत लावली, संपर्क चार दिवसांपुरता नीट बसला. श्रेय फॉरमॅटला गेलं.

नवी केबल दीडशे रुपयांची. पकड असलेली, दोन्ही टोकं तपासून घेतलेली, पत्र्याला लागू नये म्हणून एका बाजूला वाकडं तोंड असलेली. मदरबोर्डवरचं पोर्टही बदललंत, पण त्याआधी बोर्डाचं माहितीपत्रक बघितलंत, कारण एनव्हीएमई डिस्क बसते ती एम.२ ची खाच भरलेली असली की काही बोर्डांवर एखादं सॅटा पोर्ट बंद होतं. हे न बघता केबल हलवली की डिस्क दिसेनाशी होते आणि मग नवीनच घबराट.

आता ज्या गोष्टीसाठी हे पत्र लिहायला घेतलं, ती.

तुम्ही क्रिस्टलडिस्कइन्फोमध्ये कच्चे आकडे दशमान पद्धतीत दिसतील अशी सेटिंग केलीत. ४ए३ च्या जागी ११८७ आलं. मग कागदी टेपचा एक तुकडा फाडलात, बॉलपेनने तारीख आणि "सी७ – ११८७" लिहिलंत, खाली "वाढला तर या" लिहिलंत आणि तो कॅबिनेटच्या आतल्या बाजूला चिकटवलात. म्हणालात, "हा आकडा आता कधीच कमी होणार नाही. झालेल्या चुका त्यात कायमच्या मोजलेल्या असतात. पुढे वाढला नाही, म्हणजे काम झालं. माझ्यावर विश्वास ठेवू नका, आकडा बघत जा."

दादा, या तुकड्याची किंमत तुम्हाला ठाऊक नसावी. आधीच्या तिघांनी विश्वास मागितला होता. कार्ड जुनं झालंय यावर विश्वास ठेवा, विंडोज खराब झालंय यावर विश्वास ठेवा. तपासायला हातात काहीच दिलं नव्हतं. तुम्ही स्वतःचं काम पारखायचं माप गिऱ्हाइकाच्या घरी पाठवलंत. उद्या तो आकडा ११८८ झाला असता तर तुमचंच अक्षर तुमच्याविरुद्ध पुरावा ठरलं असतं, आणि ते माहीत असून तुम्ही लिहिलंत.

आणि ते लिहिलं नसतं तर एक गोंधळ नक्की झाला असता. केबल बदलूनही सी७ मध्ये चार आकडी संख्या दिसत राहते. पुष्कळ लोक ती बघून समजतात की दोष गेलेला नाही, आणि चांगली डिस्क फेकून देतात. जुनी मोजणी कुठेतरी लिहून ठेवणं हाच त्यावर उपाय आहे, आणि त्याला बोटभर टेप पुरतो.

निघण्यापूर्वी तुम्ही पन्नास जीबीची फोल्डर त्याच डिस्कवर कॉपी करायला लावलीत आणि ती संपेपर्यंत बाकीच्यांना थांबवून ठेवलंत. ट्रान्स्फर मोडमध्ये ६०० परत आलं होतं. कॉपी संपली. ११८७. मग वीस मिनिटं तोच गेम, तेच शहर, तीच भरधाव गाडी. ११८७. मागे उभ्या असलेल्या एका काकांनी घड्याळाकडे बघितलं तेव्हा तुम्ही त्यांना एवढंच म्हणालात, "तुमचंही असंच बघेन." ते काका शांतपणे स्टुलावर बसले.

घरी काय करायचं तेही सांगितलंत आणि ते इतरांच्याही उपयोगाचं आहे. सी७ स्थिर राहूनही १२९ चे इशारे आले तर दोष बहुधा केबलचा नाही. मग पॉवर सेटिंगमधली सॅटा जोडणीची वीजबचत बंद करून बघायची आणि एसएसडीचं फर्मवेअर, म्हणजे तिच्या आतला प्रोग्रॅम, तपासायचं. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, नाहीतर कशाने बरं झालं ते कळतच नाही. कनेक्टरवर तोंडाने फुंकर मारायची नाही, आपल्याकडच्या दमट हवेत आधीच पुरेसा ओलावा असतो.

ग्रँट रोड स्टेशनच्या पूर्वेला उतरून तुमच्या गल्लीपर्यंत येताना दहा जण हाक मारतात, "काय पाहिजे, बोला." त्या गर्दीत "आधी बघू द्या" म्हणणारा माणूस भेटणं ही मोठी गोष्ट आहे. बघण्याचे पैसे मिळत नाहीत, विकण्याचे मिळतात. तरीही केईएम रुग्णालयाच्या रांगेत एकेका रुग्णाची छाती नीट ऐकणारे डॉक्टर असतात, शिलाई उसवून परत घालून देणारे शिंपी असतात, आणि तुमच्यासारखे हेडफोन लावून बिघाड ऐकणारे असतात. अशा माणसांच्या जिवावर हे शहर चालतं, असं अगदी मनापासून वाटतं. तुम्ही मजुरी म्हणून जे घेतलंत ते इतकं कमी होतं की त्याचा आकडा इथे लिहायला संकोच वाटतो. पुढच्या खेपेला जास्त घ्या.

टेपचा तुकडा पावसाळ्यात थोडा सुटला होता, कडेने नवीन टेप लावून घेतलाय. तुमच्या अक्षराखाली आता आणखी चार तारखा आहेत, जुलै ते ऑक्टोबर. प्रत्येकीपुढे ११८७.

आपला ऋणी,
काळ्या कॅबिनेटवाला