२४ डिसेंबरला लग्न लागत नाही

महोदय,

डिसेंबर लागला की रविवार पुरवण्यांत नाताळच्या गोड प्रेमकथा येऊ लागतात. गाव बहुधा वसईतलं, नायक सुट्टीला आलेला, आठवड्याभरात ओळख, मग मध्यरात्रीची मिस्सा (चर्चमधली उपासना) आणि तिच्या मागोमाग लग्न. कथा हलकीफुलकी असायला कुणाची हरकत नाही, पण हे लग्न लागणं कठीण.

२७ नोव्हेंबर ते ३ डिसेंबर यांच्यामधल्या रविवारी आगमनकाळ, म्हणजे नाताळच्या तयारीचा संयमाचा काळ, सुरू होतो आणि तो २४ तारखेपर्यंत चालतो. फादरांचा झगा जांभळा असतो, रविवारच्या मिस्सेत ‘ग्लोरिया’ हे आनंदाचं स्तुतिगीत म्हणत नाहीत. १९१७च्या चर्च कायद्यात या काळात, अगदी नाताळच्या दिवशीसुद्धा, लग्नाचा थाटाचा आशीर्वाद देण्यास मनाई होती. १९८३च्या कायद्यातून ती गेली, रिवाज मात्र टिकला. शिवाय १८७२चा भारतीय ख्रिश्चन विवाह कायदा आहेच. त्याच्या दहाव्या कलमानुसार लग्नाची वेळ सकाळी ६ ते संध्याकाळी ७. कॅथलिक धर्मगुरूला रात्री लग्न लावायचं तर बिशपांचा परवाना लागतो. तेव्हा लेखकाने नायकाला आधी बिशप हाऊसला एक चक्कर मारायला लावावी.

एका आठवड्यातलं लग्न तर त्याहून अवघड. दोघांनाही बाप्तिस्म्याचा दाखला लागतो, तोही गेल्या सहा महिन्यांत काढलेला. घरच्या फाइलीतला जुना चालत नाही. कारण आधी लग्न झालं असेल तर त्याची नोंद बाप्तिस्म्याच्या मूळ वहीत, नावासमोर केलेली असते. मग लग्नपूर्व शिबिर, फादरांसमोर वेगवेगळी चौकशी, आणि चर्चमध्ये तीन रविवारी नावं पुकारणं. कुणाला काही अडथळा माहीत असेल तर त्याने तो सांगायलाच हवा. दोघांपैकी एकाचा बाप्तिस्मा झालेला नसेल तर बिशपांकडून सूट मिळवणं आलं. लेखक हे सगळं का गाळतात कळत नाही. प्रेमकथेला लागणारी भानगड इथे आयती मिळते: मुलगी दाखला मागायला चर्चच्या ऑफिसात गेली की संध्याकाळपर्यंत गावभर झालंच.

भेटीगाठींसाठीही परदेशी सिनेमातली, जिच्याखाली चुंबन घेतात ती मिसलटोची डहाळी दारावर टांगायची गरज नाही. तिचं इथलं भावंड म्हणजे आंब्यावरचं बांडगूळ. ते दिसलं की वाडीवाला फांदीसकट छाटतो. त्यापेक्षा जोडप्याला कुलकुल, हा नाताळचा तळलेला गोड पदार्थ, वळायला बसवा. अर्धा किलो मैदा, दोन अंडी, पाव वाटी गरम तूप, चवीपुरती पिठीसाखर, मीठ आणि मावेल तेवढं नारळाचं दूध. पीठ घट्ट मळून अर्धा तास झाकून ठेवायचं. बोराएवढी गोळी काट्याच्या पाठीवर किंवा नव्या कोऱ्या फणीवर दाबून पसरायची आणि गुंडाळत सोडवून घ्यायची. कड नीट दाबली नाही तर तेलात उलगडते. तूप जास्त झालं तर विरघळते. तेल फार तापलं तर वरून लाल, आत कच्ची. एवढ्या पिठाच्या गोळ्या दोघांनी वळायच्या म्हणजे दुपार जाते, आणि घरची माणसं त्याच खोलीत असतात. लाजण्याचिडवण्याला आणखी काय हवं?

लहानसहान गोष्टीही पाहाव्यात. गोठ्यातला बाळ येशू २४च्या रात्रीपर्यंत ठेवत नाहीत, त्यामुळे २० तारखेला नायिका त्याच्यापुढे नवस बोलू शकत नाही. आगमनकाळाच्या चार मेणबत्त्यांतली गुलाबी तिसऱ्या रविवारी लागते. मिस्सा उघड्या पटांगणात असेल तर रात्री दहानंतरच्या ध्वनिक्षेपकासाठी सरकारी सवलत लागते, म्हणून बऱ्याच ठिकाणी ‘मध्यरात्रीची’ मिस्सा लवकरच उरकते.

लग्न जानेवारीत न्यावं. पुढे राखेचा बुधवार, म्हणजे ईस्टरपूर्वीच्या उपवासकाळाचा पहिला दिवस, ४ फेब्रुवारी ते १० मार्च यांच्या दरम्यान कधीही येतो आणि त्यानंतर ईस्टरपर्यंत मांडव पडत नाही. तो लवकर येणारं वर्ष निवडलं तर सगळ्या गावाची लग्नं त्याच चार-पाच आठवड्यांत कोंबलेली असतात, आणि नायकाच्या बापाला हॉल, बँडवाले नि आचारी एकाच तारखेला मिळवायचे असतात.

– एक वाचक, वसई