बाबा नावाचा बॉट

सोन्या,

समोर बसून बोलायला गेलो की तू हेडफोन चढवतोस, म्हणून हे लिहून कीबोर्डखाली ठेवतोय. आधी कबुली देतो, काल रात्री तुझा लॅपटॉप मी उघडला होता. एक प्रिंट काढायची होती पण काउंटर स्ट्राइक या गोळीबाराच्या गेमचा आयकॉन दिसला आणि प्रिंट राहिली ती राहिलीच.

तीही जुनी आवृत्ती, वन पॉइंट सिक्स! अरे हा गेम २००३ चा, तुझ्या जन्माच्या आधीचा, आणि तू पण तीच नॉन-स्टीम कॉपी, म्हणजे स्टीमच्या अधिकृत दुकानातून न घेतलेली, घेऊन नेट बंद करून बॉट्सबरोबर, कॉम्प्युटरच चालवतो त्या खेळाडूंबरोबर खेळतोयस. आम्हीही हेच केलंय, पण आमच्याकडे धड नेटच नव्हतं. तेव्हा पॉडबॉट असायचे, मॅपमध्ये कुठून कुठे चालायचं ते सांगणारी वेपॉइंट फाइल नसली की बिचारे आले तिथेच ठोंब्यासारखे उभे. तुझे झीबॉट लई पुढचे आहेत, मूळचे याच मालिकेतल्या कंडिशन झीरो गेमसाठी बनवलेले, नवा मॅप दिला की आधी स्वतःच वाटा शोधून त्याची फाइल करतात आणि मग शोधून शोधून मारतात.

मला मारलंच. डस्ट टू मॅप, सीटीमध्ये, म्हणजे पोलिसांच्या बाजूला, मी एकटा उरलेलो, बॉम्ब लागलेला, हातात पंचेचाळीस सेकंद. बॉम्ब निकामी करायचं किट घ्यायला विसरलो होतो, म्हणजे डिफ्यूजला पाचच्या जागी दहा सेकंद, मी आपला बसून राहिलो, पट्टी जवळजवळ भरत आली आणि मागून गोळी. कोणी मारलं बघायला वर कोपऱ्यात बघितलं तर गोट्या. टॅब दाबून यादी काढली तर त्याच्याबरोबर सॅमी, चिंट्या, म्हणजे तुझी पूर्वीची आख्खी टीम.

मग राहवेना, बॉट्सची नावं आणि ताकद लिहिलेली बॉटप्रोफाइलची फाइल नोटपॅडमध्ये उघडली. गोट्याला एक्सपर्ट आणि स्नायपर दिलंयस, बरोबर आहे, तो होताच तसा. आणि पार खाली ‘बाबा’, ईझी! आधी हसलो एकटाच. मग हसू गेलं.

त्या ऑनलाइन मॅचनंतर तुझ्या टीममधले माइकवर तुला काय काय बोलले ते आईने सांगितलं मला, उशिरा सांगितलं. मी तेव्हा वर तुलाच बोललो की गेमच आहे ना, एवढं काय, ते चुकलंच माझं. बॉटला रेडिओवर फॉलो मी म्हटलं की बहुतेक वेळा येतो, आणि तुझ्यामुळे राउंड गेला तरी आईबहीण काढत नाही. त्यामुळे परत ऑनलाइन जा असं मी अजिबात म्हणणार नाहीये, गोट्याला फोन कर असंही नाही, ते तुझं तू बघ.

पण एक गोष्ट ओरडूनच सांगतोय. सेटअप चालवायच्या आधी अँटीव्हायरस बंद करा असं त्या साइटने सांगितलं आणि तू केलास, अजून बंदच होता! मी चालू केला, स्कॅन लावला, दोन फाइल सापडल्या. मेन्यूवर आपोआप उघडणाऱ्या त्या जाहिराती उगाच नव्हत्या. आम्हीही कॉपी केलेल्या सीड्यांवरच वाढलो तेव्हा नीतीचे धडे देण्याचं तोंड मला नाही, पण ती कॉपी आता उडव. स्टीमवरून घेऊ, दोन घेऊ, तुला एक मला एक. बॉट वेगळे टाकावे लागतील, ते तुला जमतं.

बॉटप्रोफाइलची फाइल मात्र आधी बाजूला काढून ठेव, नावं तशीच राहू देत. फक्त त्यातला बाबा काढून टाक. शनिवारी रात्री तू सर्व्हर लाव, मी माझ्या लॅपटॉपवरून लॅनने, घरातल्या नेटवर्कवरून, येतो, तुझ्याच टीममध्ये घे.

किट घेईन यावेळी.

बाबा