मशीनच्या मेमरीतले आकडे

ऐरोली, रविवार रात्र

ती. बाबा आणि सौ. आईस,
सा. न. वि. वि.

फोनवर बीपीचा विषय निघाला की बाबा "बरं, ठेवतो" म्हणतात, म्हणून लिहितेय. शेवटपर्यंत वाचा.

आज दुपारी तुम्ही दोघं जरा आडवे झाला होतात, तेव्हा मी बीपीचं मशीन घेऊन मेमरीचं बटण दाबत बसले. बाबा, २ तारखेपासून तुम्ही बीपीची ॲम्लोडिपिन गोळी बंद केलीत, हे आईने पोळ्या लाटताना हळूच सांगितलं होतं. तिच्यावर रागावू नका. मशीनमध्ये ३ तारखेला सकाळी १२६ होतं, ४ तारखेला १२८. गोळीवाचूनही नीट आहे असं तुम्हाला वाटलं असणार. मग ६ ला १३८, ९ ला १५२ आणि काल १६४. पोटात गोळाच आला माझ्या.

ही गोळी अंगातून लगेच जात नाही. रक्तातलं तिचं प्रमाण निम्म्यावर यायलाच ३० ते ५० तास लागतात. ते १२६ आधीच्या गोळ्यांचंच होतं, बाबा. वागळे इस्टेटला बॉयलरवर असताना तुम्ही दर तासाला गेज वाचून लॉगबुकात लिहायचात. एका आकड्यावर तुम्ही कधी विसंबला नाहीत. इथे का विसंबलात?

घोटे सुजतात म्हणून बंद केलीत, हे कळतं मला. मोजे काढल्यावर रबराचा वळ पायावर किती वेळ राहतो ते मी पाहिलंय. पण ही सूज या गोळीने येते हे डॉक्टरांना चांगलं ठाऊक असतं. सांगितलं की ते डोस कमी करतात, नाहीतर दुसरं औषध देतात. तुम्ही सांगितलंच नाहीत.

आणि "शंभर अधिक वय, एवढं बीपी चालतं" हे खालच्या काकांचं गणित डोक्यातून काढा. २००८ साली एका मोठ्या अभ्यासाचे निष्कर्ष आले. ८० वर्षं ओलांडलेली ३,८४५ माणसं त्यात होती. काहींना खरी औषधं दिली, बाकीच्यांना औषध नसलेल्या, दिसायला तशाच गोळ्या. खरी औषधं घेणाऱ्यांत मृत्यू सुमारे २१ टक्क्यांनी कमी झाले, हार्ट फेल्युअर तर निम्म्याहूनही कमी. तुम्ही अजून ७१ चे आहात.

आई, तुझंही आहे. तुझे दुपारचे ११०-११२ बाबांच्याच खात्यात पडलेत, त्यामुळे सरासरी दोघांच्याही कामाची राहिली नाही. मशीनवर दोन माणसांचं बटण आहे, तू दुसरं दाबत जा. उठताना चक्कर येते म्हणतेस ना, मग बसून मोजलं की उभं राहून एक-दोन मिनिटांनी पुन्हा मोज आणि दोन्ही आकडे लिहून ठेव. गोळी रात्री घेतली तर जास्त लागू पडते असं तुला कुणीतरी सांगितलंय. ब्रिटनमध्ये २१ हजारांवर लोकांवर हे तपासलं, निष्कर्ष २०२२ मध्ये आले: सकाळ-रात्रीने फरक पडत नाही. चुकणार नाही अशी वेळ धर.

मोजण्याचंही सांगते. मागच्या दवाखान्यात बाबांना जिना चढून आल्याआल्या, शर्टाच्या बाहीवरून, हात मांडीवर ठेवून मोजलं. मी तिथेच होते आणि बोलले नाही, याचं मला अजून वाईट वाटतं. हात मांडीवर असला तर वरचा आकडा सुमारे ४ ने जास्त येतो, नुसता लोंबत असला तर साडेसहाने, असं २०२४ च्या एका अभ्यासात दिसलं. म्हणून चहाच्या आधी, पाच मिनिटं गप्प बसून, पाठ टेकून, हात टेबलावर छातीच्या पातळीत ठेवून मोजा. एका मिनिटाने पुन्हा एकदा.

बाबा, सेल काढले की आकडे पुसले जातात असं वाटून तुम्ही मशीन बॅटरीसकट ठेवता. या मेमरीला आकडे धरून ठेवायला वीज लागत नाही. विजेचे कण चिपमध्ये चहूबाजूंनी बंद अशा कप्प्यात अडकवलेले असतात, ते वर्षानुवर्षं तिथेच राहतात. सेल काढल्यावर तारीख-वेळ मात्र पुन्हा लावावी लागते बऱ्याच मशीनना, म्हणून आत्ता काढूच नका. डॉक्टरांना तारखांसकट दाखवायचंय.

उद्या सकाळीच त्यांना फोन करून गोळी बंद केल्याचं आणि १६४ चं सांगा. ते म्हणतील तसं लगेच सुरू करा. मंगळवारी संध्याकाळी ७ ची वेळ मी घेतलीय. ऑफिसातून थेट नौपाड्याला येते. मशीन पिशवीत टाका, गोळ्यांची पाकिटंही, आणि बाबा, मोजे घालू नका. पाय दाखवायचेत.

तुमची,
मनू