आईच्या बुटांचं माप

ती. आई-बाबा,
साष्टांग नमस्कार.

बाबा, दिवाळीत तुमच्याबरोबर पर्वती चढले, तेव्हापासून हे मनात आहे. चढताना तुम्ही माझ्यापुढे होतात. उतरताना मात्र कठडा धरून, पाऊल आडवं टाकत, प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवत उतरलात. 103 पायऱ्या. चढताना दम लागतो, पण गुडघ्यावर खरा भार उतरतानाच येतो. चाळीस वर्षं तुमची सकाळ तिथे उजाडली, ती सोडा म्हणताना मलाच जड जातंय.

आणि आई, मावशी गेल्यापासून तू घराबाहेर पडतच नाहीस. विचारलं की ‘मला कुठे जमतंय’. त्या दिवशी भांडी विसळताना हळूच म्हणालीस, ‘अगं, तासभर बाहेर राहायचं म्हणजे बाथरूमची पंचाईत.’ एवढी साधी अडचण, आणि आम्ही कुणी कधी विचारलीच नाही.

म्हणून आता जागा आईच्या सोयीने ठरवूया. सारसबाग पर्वतीच्या पायथ्याशीच आहे. सपाट वाटा, बसायला बाकं, तळ्यातल्या गणपतीचं दर्शन. बाबा, स्वच्छतागृह कुठे आहे, कसं आहे, ते तुम्ही आधी एकदा बघून या. संकष्टीला फार गर्दी होते, तो दिवस सोडा. रविवारी रिक्षाने पु. ल. देशपांडे उद्यानात जा. जपानमधल्या ओकायामाच्या बागेच्या धर्तीवर केलंय ते. आईला तिथलं वाहतं पाणी दाखवा, ती नुसती बघत बसेल. ओल्या दगडांवर मात्र पाय नको. टेकडीची फारच आठवण आली, तर तळजाईला वरपर्यंत गाडी जाते. झाडीत मोर ओरडतात.

जागतिक आरोग्य संघटना आठवड्याला किमान 150 मिनिटं व्यायाम सांगते, म्हणजे पाच दिवस अर्धा-अर्धा तास. चालता चालता बोलता आलं पाहिजे, एवढाच वेग. थंडीत पहाटे पाचला निघू नका, त्या वेळी धूर जमिनीलगत साचलेला असतो. ऊन पडलं की निघा. सकाळचा उजेड डोळ्यांवर आला की रात्रीची झोपही वेळेवर येते, आणि आई, तुझी झोप तर किती महिने मोडलेली आहे.

मी पुढच्या शनिवारी येतेय. बाबा, आईकडे घरातल्या स्लिपरांशिवाय काही नाही. तिचं पाऊल कागदावर ठेवून पेन्सिलने आखा आणि फोटो पाठवा. संध्याकाळी आखा, तेव्हा पाय थोडे सुजलेले असतात. बूट मी घेऊन येते.

तुमची,
मनू