जिन्याखालच्या दुरुस्तीवाल्या दादांना

सप्रेम नमस्कार.

नावाने तुम्ही मला ओळखणार नाही. मागच्या बुधवारी भर पावसात लॅपटॉप आधी प्लॅस्टिकच्या पिशवीत, मग टॉवेलात, मग पुन्हा पिशवीत असा गुंडाळून एक म्हातारा एम.जी. रोडच्या मागच्या गल्लीत, तुमच्या जिन्याखालच्या दुकानात शिरला होता, तो मी. "फोर्टनाइटच्या खेळात नातीचा आवाज येत नाही," असं मी म्हणालो तेव्हा मोबाइलची काच बसवायला थांबलेली दोन पोरं एकमेकांकडे बघून हसली. तुम्ही मात्र मान वर न करता विचारलंत, "सोलो खेळता का ड्युओ?" म्हणजे एकटा की जोडीने. अर्धा आजार मला वाटतं तिथेच पळाला.

माझ्या धाकट्यापेक्षा तुम्ही लहान असाल. तरी अहो-जाहोच करतो, कारण त्या दिवशी दुकानात मोठेपणा तुमच्याकडे होता.

आधी घरची गोष्ट सांगतो, त्याशिवाय तुम्ही काय केलंत ते तुम्हालाही कळणार नाही. नात टोरांटोत असते आणि आम्ही नाशिकच्या कॅनडा कॉर्नरला. ती पाच वर्षांची असताना तिची पक्की समजूत होती की तिच्याच कॅनडाच्या एका कोपऱ्यात आजी-आजोबा राहतात, मग जेवायला का येत नाहीत? आता चौदा वर्षांची आहे. व्हिडिओ कॉलवर "काय जेवलीस, अभ्यास कसा चाललाय" संपलं की दोघंही गप्प बसायचो. दोन वर्षांपूर्वी तिनेच मला हा खेळ शिकवला. मुलाचा जुना लॅपटॉप घरी पडूनच होता. शनिवारी आमचे संध्याकाळचे सात, तिचे सकाळचे साडेनऊ. शंभर जण त्या उडत्या बसमधून बेटावर उडी मारतात, त्यात एक हा कॅनडा कॉर्नरचा पेन्शनर. मला नेम धरता येत नाही. मी पेट्या उघडतो, औषधं गोळा करतो आणि तिच्या मागे मागे पळतो.

पण त्या तासभरात ती मराठी बोलते. घरी आईबापांशीसुद्धा बोलत नाही इतकी बोलते. "आजोबा, तो माणूस झाडाच्या वर बसली आहे." "आजोबा, पळा, वादळ येतंय." अशा घाईत इंग्रजी शब्द शोधायला आजोबांना वेळ लागेल हे तिला माहीत आहे, म्हणून मराठी. आठवड्यातला तिच्या मराठीचा तो एकच तास.

आषाढात तो तास मुका झाला. हेडफोन घातला की वारा ऐकू यायचा, लांबचा गोळीबार ऐकू यायचा, पण सगळं पोकळ, डोक्यात कुठेतरी तरंगल्यासारखं. आणि नात नाही. हेडफोन काढून लॅपटॉपच्या स्पीकरवर लावलं तर ती यायची, पण मग तिचं बोलणं माझ्या माइकमधून परत तिच्याच कानावर जायचं, त्यात आमचा कुकर आणि सौ.ची मालिका. ती वैतागायची. शेवटी ती बोलायची थांबली आणि टाइप करायला लागली. अर्थात इंग्रजीत.

आता ज्यांच्या ज्यांच्याकडे गेलो त्यांची हजेरी घेतो. हे पत्र आभाराचं आहे हे मान्य, पण त्यांची आठवण काढल्याशिवाय तुमचे आभार पुरे होत नाहीत.

पहिलं दुकान कॉलेज रोडला, काचेचं, एसीचं. तिथल्या मुलाने माझा हेडफोन स्वतःच्या मोबाइलला लावला, दोन सेकंद मान हलवली, म्हणाला, "हा गेलाय सर." अठराशेचा नवा दिला. तोही त्याच्या मोबाइलवर झकास चालत होता आणि घरी येऊन पुन्हा तेच. परत गेलो तर साडेतीन हजारांचा, लाल दिवे लागणारा. त्या दिव्यांचा कानाला काय उपयोग हे अजून मला कळलेलं नाही. तिसऱ्या वेळी तो मुलगा माझ्याशी बोललाच नाही. माझ्या देखत शेजारच्याला म्हणाला, "अंकलला ऐकायला कमी येतं." आणि मग माझ्याकडे वळून ओरडला, "हेडफोन ओके आहे! ओके!"

आयटीतला भाचा रविवारी आला. सगळी सेटिंग्ज उलटीपालटी करून गेला. एक गोष्ट त्याने चांगली केली, खोटं का बोला. खेळात आवाज डोळ्यांना दिसण्याची सोय आहे, ती चालू करून दिली. पावलं वाजली, गोळी सुटली, जवळ पेटी असली की पडद्यावर त्या त्या दिशेला खूण उमटते. छान सोय आहे, ज्यांना खरोखर ऐकू येत नाही त्यांच्यासाठी तर फारच. मला शत्रूची पावलं दिसायला लागली. नातीचं बोलणं कसं दिसणार? "मामा, स्पीकरवर ऐकू येतं म्हणजे मोठा आवाज लागतोय तुम्हाला," असं म्हणून पोहे खाऊन गेला.

मुलाने फोनवर शांतपणे सांगितलं, "बाबा, वय झालं. त्यात तीस वर्षं प्रेस शॉपमध्ये." ते खरंच होतं. अंबडला एका कारखान्यात पॉवर प्रेसवर माझी हयात गेली. धाड-धाड दिवसभर. कानात बोळे घालायची पद्धत आमच्या वेळी नंतर नंतर आली. म्हणून कानाच्या डॉक्टरांकडेही जाऊन आलो. त्यांनी त्या बंद खोलीत बसवून तपासणी केली आणि आलेख दाखवला. ४००० हर्ट्झपाशी एक खाच आहे, मशीनच्या आवाजात राबलेल्या माणसाचा कान आधी तिथेच खचतो म्हणे. पण बोलणं ऐकायला काही अडचण नाही, असं त्यांनी स्वच्छ सांगितलं. घरात मात्र कोणी ते 'स्वच्छ' ऐकलं नाही, सगळ्यांनी ती खाच तेवढी ऐकली. मग कानाच्या मशीनवाल्याकडे नेलं. बेचाळीस हजार, जोडीचे.

आमच्या भागात गणपतीआधी ढोलपथकांचा सराव चालतो. गॅलरीत बसून कुणाचं टिपरू चुकलं ते मी सांगू शकतो. हे बोललो तर म्हणाले, "ढोल काय कुणालाही ऐकू येतो."

सगळ्यात वाईट काय झालं ते सांगतो. माझाच विश्वास बसायला लागला. फोनवर कुणी काही म्हटलं की नीट ऐकायच्या आधीच मी "हो, हो" म्हणायला लागलो. नातीलाही तेच. खेळात ती घायाळ होऊन रांगत होती, मला हाका मारत होती, आणि मी तिला "हो, हो" म्हणत पलीकडच्या खोलीत पेटी उघडत होतो. नंतर तिने टाइप केलं, इंग्रजी अक्षरांत पण मराठीत: "आजोबा तुम्ही खोटं हो म्हणता." त्या रात्री बेचाळीस हजारांचा हिशेब मांडला मी.

त्यानंतरच्या बुधवारी तुमच्याकडे आलो ते मशीनच्या आधी एकदा शेवटचं म्हणून.

तुम्ही विचारलंत, "काका, तुमची स्वतःची बंदूक ऐकू येते का?" दीड महिन्यात हे कुणी विचारलं नव्हतं. आणि खरंच येत नव्हती! दुसऱ्यांच्या बंदुका वाजत होत्या, माझी मुकी होती. मी हे भाच्याला सांगितलंही होतं, पण बहिऱ्याच्या तक्रारीत कोण एवढं बारीक बघतो.

मग तुम्ही माझ्या डोक्यावरून हेडफोन काढलात, माझ्या लॅपटॉपला होता तसाच राहू दिलात, आणि स्वतःच्या कानांवर चढवलात. एक गाणं लावलंत. डोळे मिटलेत. पावसाचं पाणी जिन्यावरून तुमच्या शटरच्या पत्र्यावर टपटपत होतं, ती पोरं काचेसाठी घाई करत होती, तुम्ही हाताने त्यांना थांबवलंत. मी तुमच्या चेहऱ्याकडे बघत होतो, दहावीच्या निकालाला बघावं तसा. तुम्ही डोळे उघडलेत आणि अगदी साध्या आवाजात, न ओरडता, म्हणालात:

"काका, मलाही ऐकू येत नाहीये. बाई गायबच आहे. मागची व्हायोलिनं आणि नुसता घुमारा येतोय."

बस. बाकी जे केलंत ते हातांनी केलंत, पण माझ्यासाठी काम तिथेच झालं होतं. दादा, मला तेव्हा बोलता आलं नाही, चष्मा पुसत बसलो. तुम्हाला वाटलं असेल पावसाचं पाणी.

दीड महिन्यात प्रत्येकाने माझा हेडफोन आपापल्या मोबाइलला लावून बघितला होता. माझ्या जागी बसून, माझ्या यंत्राला जोडून, स्वतःच्या कानाने कुणी ऐकलं नव्हतं. आमच्या कारखान्यात एक जुने फोरमन होते. ऑपरेटरने "बेअरिंग आवाज करतंय" म्हटलं की ते त्याला खोटं पाडायचे नाहीत आणि खरंही धरायचे नाहीत. मोठा स्क्रू ड्रायव्हर घ्यायचे, टोक बेअरिंगच्या घरावर टेकवायचे, मूठ कानाच्या हाडाला लावायचे, आणि डोळे मिटायचे. पहिल्यांदा नवी पोरं हसायची. त्यांना त्या पोलादातून कुठला छर्रा खराब झालाय ते कळायचं. ते गेल्याला बरीच वर्षं झाली. तुमचे मिटलेले डोळे बघून तेच आठवले. असा माणूस समोर असला की तक्रार करणाऱ्याला अपराधी वाटत नाही. साहेब असो, डॉक्टर असो की काच बसवणारा असो, आधी समोरच्याचं ऐकून घेणारा विरळाच. घरातही विरळा, हे हळू आवाजात लिहितो.

तुम्ही बॅटरी धरून लॅपटॉपच्या हेडफोन लावायच्या भोकात डोकावलात, "अरे भो, ती बारीक चिमटी दे," असं पोऱ्याला म्हणालात, आणि वहीच्या कागदावर एक पांढरा, घट्ट दाबला गेलेला बोळा काढून ठेवलात. तुरीच्या डाळीएवढा. "हे काय काका, कापूस?"

मला तत्काळ ओळखू आलं. श्रावणाची तयारी म्हणून आमची सौ. आषाढापासूनच वाती वळते. त्याच टेबलावर, लॅपटॉपच्या शेजारी, गुडघ्यावर कापूस पिंजत. तंतू उडत राहतात. आणि मी दर शनिवारी पिन खुपसून ते आणखी आत ठासत होतो.

तुम्ही कारण सांगितलंत तेही विसरणार नाही, कारण ते माझ्या भाषेत सांगितलंत. पिन शेवटपर्यंत बसत नव्हती, त्यामुळे दोन्ही कानांची मिळून जी परतीची वायर असते तिचा टेकाच सुटला होता. मी म्हटलं, "म्हणजे न्यूट्रल तुटल्यासारखं?" तुम्ही टाळी दिलीत. अगदी तेच. न्यूट्रल तुटला की दोन फेजांवरची उपकरणं एकमेकांतून करंट ओढतात, तसा एका कानाचा आवाज दुसऱ्या कानातून परत जायला लागला. दोन्ही कानांना जे सारखं येतं ते एकमेकांना मारून टाकतं. डाव्या-उजव्यात जो फरक असेल तेवढा शिल्लक राहतो. नातीचा आवाज दोन्हीकडे सारखा, म्हणून ती गेली. माझी बंदूक माझ्या नाकासमोर, ती पण गेली. लांबचा गोळीबार एका बाजूचा, तो राहिला. घरी जुनी, स्टिरिओच्या आधीची गाणी लावली की चिडीचूप का व्हायचं, तेही मला तुमच्या दुकानात उभ्या उभ्या उलगडलं. मी समजत होतो कान त्यांनाही मुकला.

पैसे किती विचारलं तर "पन्नास द्या" म्हणालात. हे मला फार आवडलं. "राहू द्या काका" म्हणाला असतात तर मी पुन्हा म्हातारा झालो असतो.

शनिवारी गोदावरीला पाणी वाढलं होतं, ज्याच्यावरून पूर मोजतात त्या दुतोंड्या मारुतीच्या कमरेला लागलं म्हणून सगळी बिल्डिंग बघायला गेली. मी गेलो नाही. सातला हेडफोन चढवून बसलो. बसमधून उडी मारली. वारा आला, भरीव. आणि मधोमध, कपाळाच्या आतून यावा तसा आवाज: "आजोबा, लाल छपराच्या घरावर उतरा." मी म्हटलं, "उतरतो!" पलीकडे थोडा वेळ शांतता. मग ती म्हणाली, "आजोबा, ओरडू नका ना. मला नेहमीच ऐकू येत होतं."

म्हणजे दीड महिना मी त्या पोरीवर ओरडत होतो, आणि ती काही बोलली नव्हती.

सत्तेचाळीसावे आलो. तिने मागून शत्रू आल्याचं सांगितलं, मी ऐकलं, वळलोही, आणि गोळी खाल्ली. हा दोष कानाचा नाही.

कळावे,
कॅनडा कॉर्नरचे काका

ता.क. : लाल दिव्यांचा हेडफोन नवाकोरा पडून आहे, कुणा गरजू मुलाला उपयोगी पडला तर सांगा, आणून देतो. आणि सौ.ने फुलवातींचा एक पुडा तुमच्यासाठी बांधून ठेवलाय, दुकानातल्या गणपतीच्या तसबिरीपुढे लावायला. आपल्या कापसामुळे एवढं सगळं झालं हे तिला अजून पटलेलं नाही, पण पुडा मात्र मोठा बांधलाय. काउंटरवर उघडू नका.