तुझी अर्धी दुपार पाहिजे

महाल, नागपूर
१२ मे, दुपारचे दोन

प्रिय बंड्या,

सप्रेम नमस्कार. फोन सोडून पत्र लिहून राहिलो, म्हणजे काम अडलंय हे तू ओळखलंच असशील. कामाचं सांगतो, पण आधी सगळं ऐकून घे. नाहीतर म्हणशील, उन्हानं डोक्स सटकलं याचं.

मी इतवारीत पळकाम शिकून राहिलो. मागच्या वर्षी मारबतीची मिरवणूक गेली, त्याच्या दुसऱ्या दिवसापासून. हसू नको बे. पळकरी म्हणजे पळून जाणारा नव्हे, पळापळाची वस्तू घडवणारा. सराफा ओळीच्या मागं तो बोळ आठवतो ना, जिथं झारेकरी सोन्याचा कण मिळेल म्हणून धूळ झाडून नेतात? तिथंच शेवटच्या जिन्यावर उस्तादांची बागेसरी, म्हणजे सोनाराची शेगडी, आहे. कोळसा, फुंकणी, सांडशी, ऐरण, सगळं सोनाराचंच. फक्त मुशीत सोनं नसतं.

माप जुनंच आहे. २४ सेकंदांचं पळ, ६० पळांची घटका. पहिला महिना मला नुसती पळं हाताळायला बसवलं, मनगटावरचं घड्याळ काढून. बोटात धरलं की कळतं. घाईतलं पळ ठिसूळ, पहिल्याच ठोक्याला भुगा. वाट पाहण्यातलं चिवट. जंतरातून ओढलं की केसासारखी तार निघते, तिचे गोफ होतात. एक बाई दवाखान्याबाहेर बसून काढलेल्या चार घटका घेऊन आली होती. उस्तादांनी साखळी करून दिली. इतकी बारीक की गळ्यात दिसेना, पण घालणाऱ्याची मान वाकायची. मजुरी घेतली नाही त्यांनी. त्या दिवशी पुढं कामही केलं नाही.

माझी पहिली वस्तू म्हणजे एक वाटी. माल ऑफिसातला आणला होता, फायलींमागं बसून जमवलेला. आटवली, ठोकली, उजाळा दिला, आणि तिसऱ्या दिवशी बुडाला तडा. उस्तादांनी कसोटीवर घासून माझ्यासमोर धरली. "हिणकस आहे. अर्धा वेळ तुम्ही साहेब कुठं आहे तेच पाहत होता."

मग चोख माल येतो कुठून? इथं आपलं नागपूर कामाला येतं. १ जानेवारी १९०६ पासून देशाचं घड्याळ साडेब्याऐंशी रेखांशावर लागलं, ती रेषा जाते मिर्झापूरजवळून. आपण पडतो ७९ अंशांच्या जरासं पुढं. अंशाला ४ मिनिटं धरली तर सरासरीनं आपला सूर्य घड्याळाच्या साडेतेरा मिनिटांहून थोडा जास्तच मागं. हिशेब कर, ३४ पळं भरतात. उस्ताद म्हणतात, घड्याळात बारा वाजून गेले आणि सूर्य अजून माथ्यावर यायचा आहे, त्या मधल्या वेळेला मालक नाही. मी वाद घातला, की फरक एकदाच पडला, रोज नवी पळं कुठून येतात? तर म्हणाले, "नदीचा काठ एकच असतो, पाणी रोज तेच असतं काय?" यावर काय बोलणार.

बाकी माल बारमाही सारखा मिळत नाही. फेब्रुवारीच्या मध्यात सूर्य १२ वाजून २८ मिनिटांच्या सुमाराला माथ्यावर येतो, तेव्हा दुप्पट सुगी. नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो बाराच्या आधीच येऊन बसतो, तेव्हा बागेसरी थंड. आम्ही तेव्हा हत्यारं घासत बसलो होतो.

गिऱ्हाईक मात्र तऱ्हेतऱ्हेचं. नवरीसाठी ठुशी हवी, एकेक मणी एका पळाचा. एका वकिलाला अडकित्ता पाहिजे होता, पाहुण्याची लांबलेली गोष्ट मधोमध कातरायला. तो घडवला, पण बायको त्याच्यावरच चालवते म्हणून परत घेऊन आला! मला सगळ्यात आवडते ती दुधावरची झाकणी. उतू जायच्या बेतात आलेलं दूध ती बरोबर एक पळ थोपवून धरते, तेवढ्यात माणूस गॅसपाशी पोचतो. वहिनींसाठी एक करून ठेवली आहे.

आता काम. आपल्या पोरीचं लग्न पुढच्या महिन्यात. मला तिच्यासाठी घटिकापात्र घडवायचं आहे. जुन्या लग्नांत असायची तशी वाटी, बुडाला सुईएवढं छिद्र. पाण्यात सोडली की घटकाभरानं भरून बुडते आणि मुहूर्त लागतो. ३४ पळांत घटका होत नाही, आणि बेवारस मालाची वस्तू मला पोरीला द्यायची नाही. म्हणून आपली ती दुपार आटवायची म्हणतो. बारावीच्या सुट्टीतली. लाइन गेली होती, कूलर थांबला, खसचा वास तेवढा राहिला. फरशीवर पाणी शिंपडून आपण दोघं उघडेबंब पालथे पडलो होतो. तासन्‌तास. ना पत्ते, ना गोष्टी, ना भांडण. बाहेर कुत्रंही नव्हतं रस्त्यावर. उस्तादांना सांगितलं तर म्हातारा पहिल्यांदा उठून बसला. असा माल आता येत नाही म्हणे. पण भागीदारीतला आहे, एकट्याच्या होकारानं वितळायचा नाही. तुझी अर्धी दुपार तू स्वतःच्या अक्षरात लिहून दिली पाहिजे.

एक धोका आधीच सांगतो. मे महिन्याचा माल मऊ. वाटी घटकेतच बुडेल याची हमी नाही. दीड घटकाही लावेल. मुलाकडचे पुण्याचे. १२:३५ म्हणजे १२:३५ वाले. गुरुजींना मंगलाष्टकं परत पहिल्यापासून म्हणावी लागली तर तूच सांभाळून घे.

आणि नीट आठवून लिही. वाटीला एकच सांधा येणार, तो लाइन आली त्या क्षणावर, तिथंच डाक (सांधा जोडायचा धातू) लावायचा आहे. माझ्या आठवणीत पंखा गरगरला तेव्हा तू झोपलेला होतास आणि मी उठून कूलरचं बटण दाबलं. तू मात्र दर वेळी म्हणतोस की झोपला होता तो बाब्या. दोघांचं जुळलं नाही तर छिद्राआधी तिथूनच पाणी शिरेल. तेव्हा खरं सांग, लाइन आली तेव्हा जागा कोण होता?

वाट पाहतो. (ती पळंही बाजूला काढून ठेवतो आहे.)

तुझाच,
बाब्या