पानिपताला माणूस पाठवण्याआधी

प्रिय अव्या,

पाडव्याला तुझी गोष्ट आली, आता आषाढ लागला, आणि माझं उत्तर नाही. रागावला असशील. तब्येत ठीक, गुडघा बरा. न लिहिण्याचं कारण एकच, तुझं चौथं पान.

गोष्टीतली संस्था तू मन लावून उभी केली आहेस. माणूस मागच्या काळात धाडायचा तो इतिहास तपासायला नव्हे, त्याच्या मनाचं काय होतं ते पाहायला, हे वाचून दिघेसर खूश झाले असते. पण चौथ्या पानावर ती पुण्यातला एक माणूस जानेवारी १७६१ मध्ये शनिवारवाड्यापुढे उतरवते आणि परतल्यावर विचारते, 'तिथं असताना लढाईचं काय होईल असं तुला वाटत होतं?' अरे, या माणसाला हा प्रश्न विचारून काही हाती लागणार नाही. आपण धुव्वा उडाला की 'पानिपत झालं' म्हणतो, 'विश्वास पानिपतात गेला' म्हणतो. निकाल त्याला शाळेच्या आधीच भाषेनं सांगून ठेवलाय. तो मनातून काढून ठेव म्हणून सांगितलं तरी त्याला ते जमणार नाही, आणि जमलं नाही हे त्याला कळणारही नाही.

हे माझं मत नाही. बारूख फिशहॉफ या मानसशास्त्रज्ञानं १९७५ मध्ये यावरचा प्रयोग छापला, आणि गंमत म्हणजे त्यानं निवडलं होतं इंग्रज-गुरखा युद्ध. ते १८१४ मध्ये सुरू झालं, आणि त्याच्या विद्यार्थ्यांपैकी क्वचितच कोणाला त्याचा शेवट ठाऊक असणार. सगळ्यांना एकच छोटा उतारा दिला. शेवट चार शक्य होते: इंग्रज जिंकले, गुरखे जिंकले, बरोबरी होऊन तह झाला, बरोबरी होऊन तह झाला नाही. एका गटाला काहीच सांगितलं नाही, बाकी चौघांना एकेक शेवट खरा म्हणून सांगितला. मग विचारलं, निकाल माहीत नसता तर तुम्ही प्रत्येक शेवटाला किती शक्यता दिली असती? ज्याला जो शेवट सांगितला होता, त्याला तोच जास्त संभाव्य वाटला. उताऱ्यातल्या त्याच शेवटाकडे नेणाऱ्या गोष्टी त्यांना महत्त्वाच्याही वाटू लागल्या.

आता तुझ्या माणसाकडे बघ. तो सांगेल, रसद तुटली होती, छावणी उपाशी होती, उत्तरेत कोणी मित्र उरला नव्हता, हरणार हे उघडच होतं. पण १७६० सरताना पुण्यातल्या माणसापुढे काय होतं? फेब्रुवारीत उदगीरला निजाम हरला, ऑगस्टमध्ये दिल्ली हाती आली, ऑक्टोबरमध्ये कुंजपुरा पडला. जिंकू म्हणायला त्याच्याकडे सबळ कारणं होती. हीच कारणं तुझ्या प्रवाशाच्या डोक्यातून आधी गळतात. संस्थेनं मोजायची ती ही गळती. (भाऊसाहेबांवरून आपण त्या वेळी तीन महिने बोललो नव्हतो. तुझं अर्धं बरोबर होतं, हे आज लिहून देतो.)

तेव्हा पान असं बदल. निघण्याआधी प्रवाशाला, निकाल माहीत नसता तर काय वाटलं असतं असं धरून, लढाईच्या चार शक्य शेवटांवर मिळून शंभर गुण वाटायला सांग, प्रत्येकामागची दोन कारणं लिहून घे आणि पाकीट लाखेनं बंद कर. फिशहॉफ आणि रूथ बेथ यांनी निक्सनच्या १९७२ च्या चीन आणि रशिया दौऱ्यांआधी विद्यार्थ्यांकडून असेच अंदाज घेतले होते. नंतर तेच अंदाज आठवायला सांगितले, तर जे घडलं असं त्यांना वाटत होतं त्याला आपण मुळातच जास्त शक्यता दिली होती, असं अनेकांना आठवलं. पाकीट नसेल तर तुझा प्रवासी प्रामाणिकपणे खोटं बोलेल.

एक उपाय थोडासा लागू पडतो. रोज रात्री त्याला लिहायला लाव, मराठे कसे जिंकू शकले असते. उलट निकालाची कारणं शोधली की, घडलेलं आधीपासूनच उघड होतं असं वाटण्याचा हा दोष कमी होतो. जात मात्र नाही.

परत आल्यावर पहिला दिवस फार जपायचा. विचारणाऱ्याला हा कुठल्या साली गेला होता हेच माहीत नसावं. आधी त्याला मोकळं बोलू दे, मध्ये तोंड घालायचं नाही. नंतर 'आणखी काय?' एवढंच, नेमके प्रश्न अगदी शेवटी. शब्दांनी काय होतं ते बघ: लॉफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांनी १९७४ मध्ये छापलेल्या प्रयोगात अपघाताची फिल्म दाखवली आणि गाड्यांचा वेग विचारला. 'आदळल्या' अशा जोरकस क्रियापदानं विचारलं तर सरासरी उत्तर ताशी ४०.८ मैल, 'धडकल्या' म्हटलं तर ३४. दुसऱ्या प्रयोगात फिल्मनंतर आठवड्यानं विचारलं की काच फुटलेली दिसली का, तर जोरकस शब्द ऐकलेल्या पन्नासातले १६ 'हो' म्हणाले, साधा शब्द ऐकलेल्या पन्नासातले ७. फिल्ममध्ये फुटलेली काच नव्हतीच. तुझा संचालक 'कत्तल' शब्द वापरतो, तो काढ.

आणि तो खोलीतला टेलिफोन! वरच्यांना खाली प्रवाशाला फोन करता येतो असं तू लिहिलंस. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ १९६२ मध्ये स्कारासनच्या गुहेत घड्याळाशिवाय राहिला, तेव्हा उठल्यावर, जेवताना, झोपण्याआधी फोन तोच करायचा. वरच्यांनी करायचा नाही, वेळ सांगायची नाही. म्हणून तर कळलं की तो १४ सप्टेंबरला बाहेर आला तेव्हा त्याच्या हिशेबानं २० ऑगस्ट होता. सेकंदाला एक या गतीनं १२० मोजायला त्याला पाच मिनिटं लागत. तुझा प्रवासी चाळीस दिवस बरोब्बर मोजतो, ते पटत नाही.

आणखी एक चूक: १४ जानेवारीला तू नानासाहेबांना शनिवारवाड्यात बसवलंस. ते तेव्हा उत्तरेच्या वाटेवर होते. दोन मोती गळाल्याचं पत्र त्यांना भिलशाजवळ (आजचं विदिशा) मिळालं, सावकाराच्या जासुदाकडून.

ठाण्याचं घर विकलं का? ईशाचा निकाल कळव. वहिनींना नमस्कार, सुमीला माझं पत्र आलंय एवढं सांग, तिला कळेल.

तुझा,
रम्या

ता. क. सावकारावरून सुचलं. १७६० च्या पुणेकराला शंभर गुण वाटायला सांगता येणार नाही, पण उत्तरेकडच्या हुंडीची हुंडणावळ, म्हणजे ती वटवायला सावकार घेतो तो दर, त्याला विचारता येईल. ती नोव्हेंबरपासून दर आठवड्याला टिपायची. विश्वास किती उरलाय ते त्या आकड्यात दिसेल, आणि तो आकडा ठरवणाऱ्याला निकाल माहीत नसेल. प्रवाशाला शनिवारवाड्यापुढे नको, पेढीवर बसव.